"प्लास्टिकचा बागुलबुवा" या व्हायरल मेसेजला मुद्द्याला मुद्दा उत्तर

सध्या एक मेसेज फिरतोय, तुमच्याही ग्रुपवर आला असेल, नसेल आला तर येईलच. मथळा "प्लास्टिकचा बागुलबुवा, खरं काय ते वाचा", खाली सात मुद्दे, आणि शेवटी नेहमीप्रमाणे हात जोडलेले इमोजी टाकून "जास्तीत जास्त लोकांपर्यंत पोचवा". मेसेज लांबलचक आहे म्हणून सगळा चिकटवत नाही, त्यात म्हटलंय ते थोडक्यात असं: एक, प्लास्टिक आलं म्हणून झाडं आणि हत्ती वाचले. दोन, जनावरांना काय खायचं ते कळतं आणि चुकून खाल्लंच तर शेणातून निघून जातं. तीन, समुद्रातलं प्लास्टिक चीनचं आणि मच्छीमारांच्या जाळ्यांचं आहे, आपल्याकडे भंगारवाले सगळं उचलतात, साठ टक्के रिसायकल होतं. चार, डेन्मार्कच्या सरकारनेच सिद्ध केलंय की कापडी पिशवी प्लास्टिकपेक्षा हजारो पट वाईट. पाच, प्लास्टिक खाणारे जिवाणू सापडलेत आणि रस्तेही बनतात, मग काळजी कसली. सहा, मायक्रोप्लास्टिक, म्हणजे प्लास्टिकचे अगदी बारीक कण, हे नुसतं घाबरवणं आहे. सात, बंदी म्हणजे गरीब भाजीवाल्यांकडून पैसे काढायचा धंदा, तिने काही फरक पडत नाही.

नुसता बकवास असता तर सोडून दिला असता, असले दिवसाला पन्नास येतात. पण या मेसेजमध्ये जवळजवळ प्रत्येक मुद्द्यात अर्धी गोष्ट खरी आहे, आणि गंमत अशी की ती खरी अर्धी सांगून झाली रे झाली की मेसेज तिथेच थांबतो, पुढचं वाक्य येतच नाही. ती पुढची वाक्यं मी लिहितेय, बाकी काही नाही.

पहिला मुद्दा पटकन उरकते कारण तो बराचसा खरा आहे. हस्तिदंताच्या बिलियर्ड बॉलला पर्याय म्हणून १८६० च्या दशकात सेल्युलॉइड हे सुरुवातीचं प्लास्टिक पुढे आलं, कासवाच्या पाठीपासून बनणारे कंगवे आणि चष्म्याच्या फ्रेमा पुढे प्लास्टिकच्या झाल्या, सगळं मान्य. आज आपण जी कानवाली कॅरीबॅग वापरतो ती स्वीडनच्या स्टेन गुस्ताफ थुलिन यांनी काढली, त्यांच्या कंपनीला १९६५ मध्ये पेटंट मिळालं, आणि कागदी पिशव्यांसाठी झाडं तोडली जातात हा विचार त्यामागे होता असं त्यांच्या मुलाने सांगितलंय. मेसेजमध्ये हे मोठ्या कौतुकाने दिलंय. पण त्याच मुलाने त्याच मुलाखतीत पुढे काय सांगितलं ते गाळलंय, की वडील स्वतः एक पिशवी घडी घालून कायम खिशात ठेवायचे आणि पुन्हा पुन्हा वापरायचे, लोक ती एकदा वापरून फेकतील हे त्यांना विचित्र वाटलं असतं. सलाइनची बाटली, इंजेक्शनची सिरिंज, घरातला पीव्हीसी पाइप याबद्दल कोणी भांडत नाहीये हो. भांडण आहे ते पाव किलो मिरची आणायला घेतलेल्या, दहा मिनिटं हातात राहणाऱ्या पिशवीशी.

आता दुसरा मुद्दा, इथे मी जरा थांबणार आहे, कारण हा ज्याने लिहिलाय त्याने गाय खाताना नीट बघितलेलीच नाही. गायीला वरच्या जबड्यात पुढचे दात नसतात. ती जिभेने वेटोळं घालून चारा ओढते आणि जेमतेम चावून गिळते, नीट चावायचं काम नंतर, निवांत बसून रवंथ करताना. म्हणजे तोंडात काय आलंय याची तपासणी व्हायच्या आत माल पोटात गेलेला असतो. आणि आपण तिच्यापुढे टाकतो काय, तर रात्रीची उरलेली पोळी, भात, भाजीची देठं, केळ्याची सालं, सगळं एका पन्नीत कोंबून वर घट्ट गाठ. गाठ का, तर घरात वास नको आणि जिन्यात सांडायला नको. ती गाठ सोडवायला गायीला हात नाहीत. आतून तेलामिठाचा, शिळ्या अन्नाचा वास येतोय, पिशवीला बाहेरून डाळ चिकटलीये, मग ती थोडा वेळ हुंगते, चाटते, एका कोपऱ्याने ओढायला लागते आणि पिशवीसकट गिळते. "काय खायचं ते कळतं" म्हणे. कळतंच की, ती अन्नच खातेय, आपण ते पिशवीत बांधून दिलंय.

पोटात गेल्यावर काय होतं ते बघा. गायीच्या पोटाचे चार कप्पे, त्यातला पहिला आणि सगळ्यात मोठा रुमेन, शंभर लिटरहून जास्त मावेल एवढा. तिथून पुढच्या कप्प्यांत जायची वाट अरुंद असते आणि बारीक दळलेला चाराच पुढे सरकतो, जाड राहिलेला रवंथ करायला वर तोंडात येतो. पिशवी दळली जात नाही, कुजत नाही, पुढे सरकत नाही. ती तिथेच बसते. दुसरी येते, तिसरी येते, त्यात सुतळी, दोरे, केस अडकतात, सगळ्याचा पीळ होऊन घट्ट गोळा बनतो आणि दर वर्षी तो मोठा होतो. बाहेरून गाय धष्टपुष्ट दिसते, पोट गच्च, म्हणून मालकालाही शंका येत नाही. मग दूध कमी होतं, रवंथ बंद होते, डावी कूस फुगते, आणि भरल्या पोटी जनावर उपाशी मरतं. चेन्नईच्या पशुवैद्यकीय विद्यापीठात ऑक्टोबर २०१९ मध्ये एका गायीच्या पोटातून ऑपरेशन करून ५२ किलो प्लास्टिक काढलं होतं, बातमी सगळ्या पेपरात होती. बावन्न किलो! एका मध्यम माणसाचं वजन झालं हे. शेणातून निघून जात असतं तर एवढं साठलं कुठून?

आणि ही फक्त आपल्याकडच्या मोकाट गायींची कथा नाही. दुबईच्या वाळवंटात पशुवैद्यांनी तीस हजार मेलेल्या उंटांची तपासणी केली होती, त्यातल्या तीनशेंच्या पोटात प्लास्टिकचे गोळे सापडले, काही गोळे साठ किलोच्याही वर. शंभरात एक उंट. श्रीलंकेत अंपारा भागात कचरा डेपोवर खायला येणारे हत्ती एकामागून एक मेले, शवविच्छेदनात पोटात पिशव्या आणि खाऊची वेष्टनं निघाली.

शेणातून काहीच निघत नाही असं मी म्हणत नाही. लहान तुकडे निघतात, ती अर्धी गोष्ट खरी आहे. उत्तराखंडात जंगलालगतच्या हत्तींची लीद तपासली तेव्हा तीत प्लास्टिक सापडलं, म्हणजे जंगलाच्या काठावर टाकलेला कचरा हत्तींनी पोटातून वाहून आत जंगलात नेऊन टाकला. पुढे तीच लीद उकरून खाणारे पक्षी आणि हरणं वेगळीच.

बरं, गाय पाळीव, हत्ती कचऱ्याच्या नादाला लागलेला, पण समुद्रातल्या कासवाचं काय? त्याच्याबद्दल "जेलीफिश समजून पिशवी खातं" असं आपण वर्षानुवर्षं ऐकतोय, ते चूक नाही, पण अर्धवट आहे. २०२० मध्ये अमेरिकेत एक साधासा प्रयोग झाला. काही आठवडे समुद्रात ठेवलेल्या प्लास्टिकवर शेवाळं आणि सूक्ष्म जीव चढतात, त्या प्लास्टिकचा नुसता वास टाकीतल्या कासवांना दिला तर ती खाण्याच्या वासाला जसं करतात तसंच करायला लागली, नाकपुड्या पाण्याबाहेर काढून शोधायला लागली. स्वच्छ कोऱ्या प्लास्टिकला तसं काही केलं नाही. म्हणजे समुद्रात पडलेलं प्लास्टिक दिसतंही खाण्यासारखं आणि वासही खाण्यासारखा. कासव ज्या ज्ञानेंद्रियावर लाखो वर्षं जगलं तेच त्याला फसवतंय, यात "कळतं" कुठे आलं? ऑस्ट्रेलियन शास्त्रज्ञांनी शेकडो मेलेल्या कासवांची माहिती घेऊन २०१८ मध्ये हिशेब मांडला, त्यानुसार पोटात चौदा तुकडे असले की कासव त्यामुळे मरण्याची शक्यता पन्नास टक्के होते. एका तुकड्यानेही मरू शकतं, आतड्यात कुठे अडकला त्यावर आहे.

आणि खाणं सोडा, अडकणं? तो मुद्दा मेसेजमध्ये नाहीच. फेब्रुवारी २०२२ मध्ये आमच्या बदलापूरजवळ एका बिबट्याचं डोकं पाण्याच्या प्लास्टिक जारमध्ये अडकलं होतं. जवळपास दोन दिवस तो तसाच फिरत होता, पाणी नाही, खाणं नाही, वन खात्याच्या आणि रेस्क्यूवाल्या लोकांच्या टीमा रात्रंदिवस मागे, शेवटी बेशुद्ध करून जार कापला. तो वाचला, व्हिडिओ व्हायरल झाला, आपण लाइक केलं. नायलॉन मांजा हेही प्लास्टिकच आहे, हे कोणाच्या डोक्यात येत नाही. राष्ट्रीय हरित लवादाने २०१७ मध्ये देशभर त्यावर बंदी घातली तरी संक्रांतीला तो मिळतोच. सणाचा दिवस संपतो पण तुटलेला मांजा झाडांवर महिनोन्‌महिने लोंबकळतो, सुती दोरा पावसाने कुजून गेला असता, हा कुजत नाही. घार, बगळा, घुबड, वटवाघूळ, पंख एकदा गुंतला की पक्षी सुटायला धडपडतो आणि तेवढा तो दोरा आत रुतत जातो. माणसांचे गळे चिरतात तेव्हा बातमी होते.

तिसरा मुद्दा, "चीनचं प्लास्टिक". मी उल्हास नदीच्या काठच्या शहरात राहते त्यामुळे हा मुद्दा वाचून हसावं की रडावं कळेना. २०२१ मध्ये जगभरातल्या नद्या समुद्रात किती प्लास्टिक नेतात याचा एक मोठा अभ्यास आला, त्यात जगातल्या पहिल्या पाच नद्यांत आपली उल्हास आहे. पहिली मनिलाची पासिग. आता हा मॉडेलवरचा अंदाज आहे, कोणी नदीत उभं राहून पिशव्या मोजल्या नाहीत, पाऊस किती, उतार किती, वस्ती नदीपासून आणि नदी समुद्रापासून किती जवळ, कचरा गोळा होतो का, यावरून आकडा काढलाय. त्यामुळे नंबर तिसरा की पाचवा यावर वाद घालू नका. पण कर्जत, बदलापूर, उल्हासनगर, कल्याण अशी गच्च वस्ती, वालधुनीसारखे नाल्याच्या लायकीचे झालेले फाटे, चार महिने धो धो पाऊस आणि लगेच पुढे खाडी, यावरून ज्याला नदी माहीत आहे त्याला आश्चर्य वाटणार नाही.

आमच्या इकडच्या पुलांवर काय चालतं ते सांगते. स्कूटर थांबते, इंजिन चालूच, मागे बसलेली व्यक्ती उतरते, निर्माल्याची पिशवी कपाळाला लावते आणि खाली सोडते. आत जास्वंद, झेंडू, दुर्वा, नारळाची शेंडी, उदबत्तीचा रिकामा पुडा, आणि वर गाठ. गाठीमुळे आत हवा राहते म्हणून पिशवी बुडत नाही, तरंगत जाऊन जलपर्णीत अडकते आणि तिथे बसते, फुलं आत कुजून पाणी काळं होतं. काही पुलांना यासाठी उंच जाळ्या लावल्यात, तर आता जाळीच्या वरून फेकतात, जरा जोर लावून. पुण्य मिळायला तेवढे कष्ट हवेतच. मग जूनमध्ये पहिला मोठा पाऊस आला की जलपर्णीसकट सगळं एका फटक्यात वसईच्या खाडीतून समुद्रात. आणि समुद्र काय ठेवून घेतो असंही नाही, पावसाळ्यात मोठी भरती आली की मरीन ड्राइव्हच्या कठड्यावरून पिशव्या, बाटल्या, थर्माकोल रस्त्यावर परत येतात आणि महापालिकेचे कामगार ते टनावारी उचलतात. त्या पिशव्यांवर चिनी अक्षरं मला तरी कोणी दाखवावीत.

जाळ्यांचं म्हणाल तर ती बाजू खरी आहे. पॅसिफिकमधल्या त्या प्रसिद्ध कचऱ्याच्या पट्ट्यात वजनाने ४६ टक्के मासेमारीची जाळी आहेत असं २०१८ च्या अभ्यासात आलं. पण तो आकडा भर समुद्रात तरंगणाऱ्या एका पट्ट्याचा आहे, अख्ख्या समुद्राचा नाही, आणि नायलॉनची जाळी हेही प्लास्टिकच ना, मग ती "प्लास्टिक निर्दोष आहे" याचा पुरावा कशी काय होते? तुटून वाहून गेलेली जाळी वर्षानुवर्षं मासे, कासवं पकडत राहतात, कोणी ओढायला नसताना. डहाणूच्या कासव उपचार केंद्रात जाळ्यात गुंतून पाय तुटलेली ऑलिव्ह रिडले कासवं येतात. आणि मच्छीमारांना शिव्या घालायच्या आधी हेही ऐका, आपल्याच राज्यात कांदळवन कक्षाने मत्स्य विभागासोबत डिसेंबर २०१८ पासून योजना चालवलीये, जाळ्यात कासव, देवमासा, व्हेल शार्क असा संरक्षित प्राणी अडकला आणि मच्छीमाराने जाळं कापून त्याला सोडलं तर त्याला पंचवीस हजारांपर्यंत भरपाई मिळते. जाळं म्हणजे त्याची रोजीरोटी, तरी कोकणातले कितीतरी जण कापतात. फॉरवर्ड करणाऱ्याने एवढ्यात काय कापलं?

राहिलं भंगारवाल्यांचं. भंगारवाले आणि कचरावेचक बायका नसत्या तर आपली शहरं कधीच गाडली गेली असती हे शंभर टक्के खरं, पुण्यात तर स्वच्छ ही कचरावेचकांची सहकारी संस्थाच घरोघरचा कचरा उचलते, धारावीतलं तेरा कंपाउंड प्लास्टिकवर चालतं. पण ते उचलतात काय ते बघा. पाण्याची बाटली उचलतात, डबे, कॅन, बादल्या, तुटक्या खुर्च्या उचलतात, दुधाच्या धुतलेल्या पिशव्या घेतात, कारण त्याला भाव आहे. वेफर्सचं पाकीट कोण उचलतं? बाहेरून रंगीत, आतून चकचकीत, दोन-तीन वेगवेगळे थर एकमेकांना चिकटवलेले, ते वेगळे करता येत नाहीत म्हणून भाव नाही. शाम्पूची पुडी, गुटख्याची पुडी, पातळ कॅरीबॅग, शेकड्याने वेचा तरी किलो भरत नाही, वेचणारीने दिवसभर वाकून ते का वेचावं? म्हणून ते तिथेच राहतं, नाहीतर संध्याकाळी कोणीतरी काडी लावतं.

साठ टक्क्यांचा आकडा सगळीकडे फिरतो. जगभराचा हिशेब घ्या, २०१५ पर्यंत जेवढा प्लास्टिक कचरा तयार झाला त्यातला फक्त ९ टक्के रिसायकल झाला होता. आपला हिशेब मांडायचीच पंचाईत आहे. सरकारी अहवालाप्रमाणे २०२०-२१ मध्ये देशात एकूण प्लास्टिक कचराच सुमारे ४१ लाख टन तयार झाला. आणि २०२४ मध्ये लीड्स विद्यापीठाच्या अभ्यासकांनी अंदाज काढला की भारतात वर्षाला ९३ लाख टन प्लास्टिक उघड्यावर जातं किंवा जाळलं जातं, जगात सगळ्यात जास्त. चीनचा आकडा २८ लाख टन. त्यांचं म्हणणं असं की सरकारी आकड्यात खेडी, उघड्यावर जाळलेला कचरा, असं बरंच धरलेलंच नाही. कोणाचा आकडा बरोबर ते बाजूला ठेवा, पण एकूण किती याचाच एवढा घोळ असेल तर त्याचे साठ टक्के म्हणजे कशाचे साठ टक्के?

चौथा मुद्दा माझा आवडता, कारण यात खरोखरचा अभ्यास आहे. डेन्मार्कच्या पर्यावरण संस्थेने २०१८ मध्ये पिशव्यांचा जन्मापासून मरणापर्यंतचा हिशेब केला आणि त्यात आलं की ऑरगॅनिक कापसाची पिशवी वीस हजार वेळा वापरली तर साध्या प्लास्टिक पिशवीची बरोबरी होते, साध्या कापसाची सात हजार शंभर वेळा. मेसेजमध्ये हे बरोबर दिलंय. पण हा आकडा सगळ्यात वाईट निघालेल्या एका निकषाचा आहे, ओझोन थराच्या नुकसानीचा. फक्त हवामान बदलाच्या निकषावर साध्या कापसाच्या पिशवीला ५२ वेळा पुरतात. आणि खरी मेख पुढे आहे, त्या हिशेबात कचरा रस्त्यावर, नदीत, समुद्रात जाण्याचा परिणाम धरलेलाच नाही. बरोबरच आहे त्यांचं, डेन्मार्कमध्ये कचरा गोळा होऊन भट्टीत जातो आणि त्यातून वीज-उष्णता काढतात. तिथे गायी उकिरड्यावर चरत नाहीत. आमच्या इथली पिशवी भट्टीत जात नाही, नाल्यात जाते, मग डेन्मार्कचा हिशेब आम्हाला कसा लागू?

शिवाय आपल्या घरातली कापडी पिशवी कुठे कोऱ्या कापसाची असते हो. आईच्या जुन्या परकराची, बाबांच्या विटलेल्या पँटची, पडद्याच्या उरलेल्या तुकड्याची, कोपऱ्यावरच्या टेलरकडून शिवून आणलेली, ती दहा वर्षं तरी दाराच्या मागच्या खुंटीला लटकत असते. तिच्यासाठी नवा कापूस पिकवलाच नाही, मग वीस हजार भागिले काय? मात्र एका बाबतीत सावध राहा. दुकानातून "कापडी" म्हणून जी रंगीत, जाळीजाळीची, हलकी पिशवी देतात ती कापडी नसते, ती नॉन-वोव्हन, म्हणजे पॉलिप्रॉपिलीन, म्हणजे प्लास्टिकच. काडी लावून बघा, कापड जळून राख होते, ही वितळून थेंब पडतात. कागदी पिशवीची वकिली मी करणार नाही, एकदाच वापरायची असेल तर तीही उधळपट्टीच, पण ती गटारात पडली तर पावसाळ्याच्या आत लगदा होते.

पाचवा मुद्दा, प्लास्टिक खाणारे जिवाणू. आहेत. जपानमध्ये साकाई शहरात बाटल्या रिसायकल करणाऱ्या कारखान्याच्या आवारात एक जिवाणू सापडला, २०१६ मध्ये जाहीर झाला. तो पेट खातो, म्हणजे पाण्याच्या बाटलीचं प्लास्टिक, तेही पातळ फिल्म असेल तर, तीस अंशाच्या उबेत, सुमारे सहा आठवड्यांत. कॅरीबॅग पेटची नसते, पॉलिथिनची असते, तिला तो हात लावत नाही. म्हणजे हा जिवाणू त्याच एका बाटलीचा गिऱ्हाईक आहे जी आपले भंगारवाले आधीच उचलतायत. उल्हास नदीतल्या पिशव्यांवर तो येऊन ताव मारेल या आशेवर बसायचं असेल तर बसा.

रस्त्यांचं मात्र मनापासून कौतुक आहे. मदुराईच्या थियागराजर इंजिनीअरिंग कॉलेजचे राजगोपालन वासुदेवन यांनी ही पद्धत बसवली, २०१८ मध्ये पद्मश्री मिळाली त्यांना. तापलेल्या खडीवर प्लास्टिकचे बारीक तुकडे टाकायचे, ते वितळून खडीला लेप बसतो, मग डांबर. डांबराच्या वजनाच्या साधारण सहा ते आठ टक्के प्लास्टिक जातं, एक पदरी एक किलोमीटरला अंदाजे एक टन. चांगलंच आहे. पण आता वरचा आकडा आठवा, वर्षाला लाखो टन. आणि रस्त्यात जायला ते प्लास्टिक आधी गोळा करावं लागतं, धुवावं लागतं, पीव्हीसी वेगळं काढावं लागतं कारण तापवल्यावर त्यातून विषारी वायू निघतो. नाल्यात डाळभातासकट पडलेली पिशवी उचलून, धुऊन, वाळवून कोण देणार? घरात वेगळी ठेवायलाच जर आपण तयार नाही तर रस्ता बनवणाऱ्याने कुठून आणायची?

सहावा, मायक्रोप्लास्टिक. इथे मला आपल्याच बाजूच्या मेसेजवाल्यांना चार शब्द सुनवायचेत. "आपण दर आठवड्याला एका क्रेडिट कार्डाएवढं प्लास्टिक खातो" हे २०१९ पासून फिरतंय, आणि नंतरच्या हिशेबांत तो आकडा कित्येक पटींनी फुगवलेला निघाला. "प्लास्टिक कुजायला हजार वर्षं लागतात" हेही तसलंच, पॉलिथिनचा शोधच १९३३ चा, हजार वर्षं थांबून बघितलंय कोणी? असली वाक्यं आपण फेकतो म्हणून समोरच्याला अख्खा विषय उडवून लावायला आयतं कोलीत मिळतं, हे बंद करा कृपया.

पण फुगवलेला आकडा खोटा निघाला म्हणजे प्लास्टिक शरीरात नाही असं होत नाही. २०२० मध्ये इटलीत वारेत सापडलं, म्हणजे पोटातलं बाळ जिच्यातून पोसतं तिच्यात. २०२२ मध्ये नेदरलँड्समध्ये रक्तात सापडलं. आणि २०२४ मध्ये इटलीतल्याच डॉक्टरांनी मानेतल्या रक्तवाहिनीचं ऑपरेशन झालेल्या २५७ रुग्णांचा सुमारे तीन वर्षं पाठपुरावा केला, ज्यांच्या रक्तवाहिनीतल्या चरबीच्या थरात प्लास्टिकचे कण होते त्यांच्यात हार्ट अटॅक, स्ट्रोक किंवा मृत्यूचा धोका इतरांपेक्षा साडेचार पट निघाला. यावरून प्लास्टिकनेच झालं हे सिद्ध होत नाही, डॉक्टरांनीही तसं म्हटलेलं नाही. पण "नुसतं घाबरवणं" म्हणायलाही आता जागा राहिली नाही. आणि मोठी पिशवी उन्हात पडून ठिसूळ होते, हात लावला की चुरा होतो, तो चुरा कुठे जातो? एकदा तसा चुरा झाला की कुठलाच भंगारवाला आणि कुठलीच स्वच्छता मोहीम तो उचलू शकत नाही, म्हणून जे करायचं ते पिशवी अख्खी आहे तोवरच.

शेवटचा मुद्दा, बंदी. लोक विसरतात की हे पर्यावरणवाल्यांचं फॅड म्हणून सुरू झालंच नव्हतं. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला आणि मुंबई बुडाली, कारणं बरीच होती, मिठी नदीवरची अतिक्रमणं, भरती, पण पिशव्यांनी तुंबलेली गटारं हे त्यातलं एक. त्यानंतर २००६ मध्ये राज्यात ५० मायक्रॉनपेक्षा (एक मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) पातळ पिशव्या बंद झाल्या. बांगलादेशनेही पुरात तुंबलेली गटारं बघूनच २००२ मध्ये पातळ पिशव्या बंद केल्या, जगात सगळ्यात आधी. मग आपल्याकडे मार्च २०१८ ची बंदी, जून २०१८ पासून दंड, पहिल्यांदा पाच हजार, दुसऱ्यांदा दहा, तिसऱ्यांदा पंचवीस हजार आणि तुरुंग. मग जुलै २०२२ पासून केंद्राची, स्ट्रॉ, थर्माकोलच्या प्लेटा, कानकोरण्याच्या काड्या वगैरेवर, आणि डिसेंबर २०२२ अखेरपासून पिशवी किमान १२० मायक्रॉनची. कागदावर काहीच कमी नाही.

फरक पडतो का? पडतो, पण कशी बंदी आहे त्यावर. अमेरिकेतल्या किनाऱ्यांच्या सफाईच्या हजारो नोंदी तपासून २०२५ मध्ये एक अभ्यास आला, जिथे पिशव्यांवर बंदी किंवा शुल्क होतं तिथे किनाऱ्यावरच्या कचऱ्यात पिशव्यांचा वाटा २५ ते ४७ टक्क्यांनी कमी होता. एकूण पिशव्या तिथेही वाढतच होत्या, फक्त इतरांपेक्षा कमी वेगाने, हेही त्यात आहे. आणि सगळ्यात कमी परिणाम कशाचा, तर पातळ पिशवी बंद आणि जाड चालेल अशा अर्धवट बंदीचा. म्हणजे आपल्या १२० मायक्रॉनच्या जातीतल्या. भाजी बाजारात उभं राहून पिशवी किती मायक्रॉनची हे बोटाने ओळखणारा अजून मला भेटलेला नाही, अधिकारीही नाही.

मासळीवाल्या मावशींचं म्हणणं मला पटतं, ओली कोळंबी कापडी पिशवीत कशी द्यायची, गिऱ्हाईक डबा आणत नाही, पिशवी नाही म्हटलं तर शेजारच्या पाटीवर जातं. मेसेजमधला दंडाचा मुद्दाही तसा खरा आहे, पाच हजार म्हणजे तिची आठवड्याची कमाई गेली. पण यावरून बंदीच काढून टाका असं कसं निघतं? पिशवी ती घरी बनवत नाही. किलोच्या भावाने बाजारातल्याच एका दुकानातून घेते, दुकानदार कारखान्यातून घेतो, आणि ते दुकान कुठलं हे बाजारात सगळ्यांना माहीत असतं, पावती फाडायला आलेल्या साहेबालाही.